शेंदूर लावलेली शिवी

किस्से साचतात ते घरातल्या मोडक्या छत्र्यांसारखे. दुरुस्त कोणी करत नाही आणि टाकवतही नाहीत. आमच्या शनिवारच्या फेरीला चार वर्षं होत आली. माझ्याकडे आता इतके किस्से झालेत की बायको म्हणते, "अहो, देवळं राहू द्या, नुसते हेच सांगत फिरा. गर्दी जास्त होईल!"

फेरी म्हणजे काय, ते आधी सांगतो. कल्याणच्या पुढे खाडीकाठी एक जुनं देवळांचं गाव आहे. पाच देवळं, मधे तळं, तळ्याला दगडी घाट. चारी बाजूंनी टॉवर उभे राहिलेत, त्यामुळे सूर्य हल्ली पाच वाजताच मावळतो. गावाचं नाव सांगत नाही. का, ते शेवटच्या किश्शात कळेल.

दर शनिवारी साडेपाचला आम्ही लोकांना गाव फिरवायला निघतो आणि दिवेलागणीला घाटावर आणून सोडतो. आम्ही म्हणजे तिघं. माहिती सांगतात सुलेखाताई. गावच्याच शाळेत तीस वर्षं शिकवून त्या रिटायर झाल्या, त्यामुळे अर्धं गाव अजून त्यांना बघून शर्टाचं वरचं बटण लावतं. स्पीकर गळ्यात अडकवून चालतो भास्कर. तो गावचाच, आगरी, त्याचे आजोबा मिठागरात राबलेले. आणि तिसरा मी. मी मानपाड्याला राहतो. वागळे इस्टेटमधल्या एका कंपनीत इन्स्पेक्शनला होतो. जन्मभर दुसऱ्यांनी बनवलेला माल रिजेक्ट केला. फेरीतही माझं काम तेच, माणसं मोजायची आणि सुलेखाताईंच्या चुका काढायच्या.

*

कोलशेतच्या एका टॉवरमधून एक तरुण आला होता. मनगटावर घड्याळ, त्यात पावलं मोजायची सोय. निघतानाच विचारतो, "काका, टोटल किती स्टेप्स होतील?"

मी म्हटलं, "चार हजार असतील."

त्याचा चेहरा पडला. "मग माझ्या दोन हजार शॉर्ट पडतील!"

देवीच्या देवळापाशी सुलेखाताई खांबांवरचं कोरीवकाम समजावत होत्या. हा पठ्ठ्या मागच्या मागे सटकला आणि देवळाभोवती फिरायला लागला. एक प्रदक्षिणा, दोन, सात, अकरा! नजर घड्याळावर, घामाघूम, तोंडाने पुटपुटतोय. ओटीवर बसलेले गुरव बघतच राहिले. शेवटी तो थांबला आणि दोन्ही हात वर करून ओरडला, "डन!"

गुरवांच्या डोळ्यांत पाणी. उठून त्यांनी त्याच्या हातात देवीपुढचा नारळ दिला आणि आम्हाला बाजूला घेऊन म्हणाले, "असे भाविक आणत जा हो. नुसते फोटोवाले नकोत!"

*

या गुरवांचाही एक नमुना सांगतो. लोकांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: "देऊळ किती जुनं?" सुलेखाताई सांगतात, "नक्की सांगता येत नाही." हे उत्तर कोणालाच आवडत नाही. मग लोक गुरवांकडे वळतात आणि गुरव कोणाला रिकाम्या हाताने पाठवत नाहीत.

एकदा त्यांनी सांगितलं, नऊशे वर्षं. मी डायरीत लिहून घेतलं. पुढे दीडेक महिन्यांनी दुसऱ्या ग्रुपला सांगितलं, बाराशे. माझ्यातला इन्स्पेक्टर गप्प बसेना. मी डायरी उघडून त्यांच्यासमोर धरली. "गुरव, मागे नऊशे म्हणालेलात. आज बाराशे?"

ते शांतपणे म्हणाले, "मधे श्रावण गेला ना, साहेब!"

*

आता दगडाबद्दल सांगायला हवं, कारण आमच्या फेरीचा जीव त्या दगडात आहे.

घाटाकडे उतरणाऱ्या बोळाच्या तोंडाशी कमरेएवढा एक उभा दगड आहे. वर चंद्र-सूर्य, मधे झिजलेली अक्षरं, खाली एक गाढव आणि एक बाई. याला गद्धेगाळ म्हणतात. जुन्या काळी राजाने देवळाला जमीन दिली की हद्दीवर असा दगड रोवायचे. अर्थ सरळ आहे: जो कोणी ही जमीन बळकावेल, त्याच्या आईवर गाढव चढेल. दगडात कोरलेली शिवी! आणि मुदत, चंद्र-सूर्य आहेत तोपर्यंत.

अर्थ सरळ आहे, पण सुलेखाताईंच्या तोंडून तो सरळ निघत नाही. दगडापाशी आल्या की त्या पदर सारखा करतात, तळ्याकडे बघतात आणि एका दमात म्हणतात, "दानभूमीचा अपहार केल्यास अपहारकर्त्याच्या मातृपक्षास गर्दभापासून उपद्रव संभवतो." चार वर्षं हेच वाक्य. कोणाला काही कळत नाही, सगळे माना डोलावतात आणि पुढे चालू लागतात.

एकदा डोंबिवलीचं एक महिला मंडळ आलं होतं. त्यातल्या एका काकूंनी वाकून दगड नीट बघितला आणि त्यांची ट्यूब पेटली. त्यांनी शेजारणीच्या कानात सांगितलं, तिने पुढचीच्या. बघता बघता बावीस बायका तोंडावर रुमाल धरून हसायला लागल्या. सुलेखाताई लालबुंद!

काकूंनी मात्र हसू आवरून गंभीरपणे विचारलं, "ताई, हे पार्किंगसाठी चालेल का हो? आमच्या जागेत रोज कोणीतरी गाडी लावतं!"

*

गावाने मात्र त्या दगडाला केव्हाच देवी करून टाकलं होतं. शेंदराचे इतके थर, की गाढव कुठलं आणि बाई कुठली ते वाकून शोधावं लागायचं. भास्करची आई रोज संध्याकाळी तिथे येऊन तेल घालते, दिवा लावते. सत्तरी उलटलेली बाई, पण एक दिवस खाडा नाही.

चूक दिसली की मला राहवत नाही. एकदा म्हणालो, "आई, ही देवी नाही हो. ही शिवी आहे." भास्करने मला कोपर मारलं.

ती वात सारखी करत म्हणाली, "मना ठाव हाय. माजे सासूनं सांगलंय."

"मग दिवा कशाला लावता?"

"बाकीचं देव नुसतं बसून हान. जमिनीची राखन हीच एकली करते. मंग तेल तिलाच नको?"

हा माल रिजेक्ट करायला मला कारण सापडलं नाही.

*

आणि मग गेल्या हिवाळ्यात पत्रे आले.

अण्णा हे गावचेच, सुलेखाताईंचे विद्यार्थी, आता मोठे बिल्डर. देवळाची तळ्याकाठची पट्टी त्यांच्या नावावर कशी आणि कधी गेली, ते गुरवांनाही सांगता येईना. एके दिवशी बघतो तर बोळाला निळे पत्रे लागलेले. दगड आत, घाटाची वाट आत, आणि गेटवर शेजारच्या टॉवरमधलाच वॉचमन.

भास्करची आई पहिल्या संध्याकाळी तेलाची बाटली घेऊन गेली, तर वॉचमनने अडवलं. "आजी, कोणाकडे जायचंय? फ्लॅट नंबर?"

ती म्हणाली, "आत बाय हाय माजी."

त्याने मोबाइलमधलं ॲप उघडलं. "बायचं आडनाव?"

आम्ही एका सरकारी ऑफिसात अर्ज केला. उत्तर आलं: 'सदर दगड नोंदीत आढळून येत नाही.' मी पुन्हा अर्ज केला. दगडाशेजारी फुटपट्टी धरून काढलेला जुना फोटो जोडला, उंची-रुंदी लिहिली. पुन्हा उत्तर आलं: 'फुटपट्टीची नोंद घेण्यात आली आहे.'

भास्कर काही बोलू शकत नव्हता. त्याचे दोन्ही टेम्पो अण्णांच्याच साइटवर चालतात. त्याची आई रोज यायची आणि पत्र्याच्या बाहेरच्या अंगाला दिवा लावून जायची. हळूहळू निळ्या पत्र्यावर काजळीचा डाग पडला. तो डाग बघून मला फार वाईट वाटायचं, आणि मी सहसा वाईट वाटून घेणारा माणूस नाही. आमची फेरी आता गुरवांच्या ओटीवरच संपायची. लोक विचारायचे, "घाट कुठेय?" सुलेखाताई पत्र्याकडे बोट दाखवायच्या.

*

अशात गावाच्या नाक्यावर एक बॅनर लागला. अण्णा हात जोडून उभे, खाली लिहिलेलं: 'वारशाचे रखवालदार!' दोन दिवसांनी सुलेखाताईंना त्यांचा फोन. "बाई, या शनिवारी मी येतो फेरीला. आईलाही आणतो. दोन-चार फोटो घेऊ."

सुलेखाताईंनी फोन ठेवला आणि मला म्हणाल्या, "नाही कसं म्हणू? विद्यार्थी आहे." मी मनात बरंच बोललो.

शनिवारी अण्णा आले. पांढरा शर्ट, बरोबर फोटोग्राफर. सुलेखाताईंच्या पाया पडले. त्यांच्या मागे गाडीतून त्यांची आई उतरली. नऊवारी, हातात काठी. गुडघ्यांमुळे ती बाविसाव्या मजल्यावरून खाली उतरतच नाही, गावात दोन वर्षांनी पाय ठेवत होती. भास्करची आई पुढे झाली. दोघी एकाच वर्षी लग्न होऊन गावात आलेल्या. त्यांनी एकमेकींचे हात धरले आणि तशाच चालत राहिल्या.

पाचही देवळं झाली. अण्णांनी प्रत्येक देवळापुढे हात जोडले, फोटोग्राफरने प्रत्येक वेळी दोनदा जोडायला लावले. मग गेटपाशी आलो. वॉचमनने सलाम ठोकला. अण्णा म्हणाले, "या या, आपलीच जागा आहे!" भास्करची आई कित्येक दिवसांनी आत शिरली. या वेळी आडनाव कोणी विचारलं नाही.

दगड बघून आम्ही थांबलोच. मजुरांनी सिमेंटची भांडी धुताना त्याच्यावर पाण्याचा पाइप मारला होता. शेंदराचे सगळे थर उतरलेले. चंद्र-सूर्य, गाढव, बाई, सगळं काल कोरल्यासारखं लख्ख!

अण्णा दगडाशेजारी उभे राहिले. फोटोग्राफर सरसावला. सुलेखाताईंनी पदर सारखा केला, तळ्याकडे बघितलं आणि माइकमध्ये सुरू केलं, "दानभूमीचा अपहार केल्यास अपहारकर्त्याच्या मातृपक्षास..."

अण्णा मान डोलावत होते. त्यांची आई काठीवर वाकून दगड बघत होती.

"मास्तरीन बाय," ती मधेच म्हणाली, "मना काय बी कललं नाय. ही बाई कोन?"

सुलेखाताई थांबल्या. त्यांनी माझ्याकडे बघितलं. चार वर्षं मी त्यांच्या चुका काढल्या, पण त्या घटकेला मी डायरी मिटली. भास्करचा हात गळ्यातल्या स्पीकरच्या बटणाकडे गेला. मला वाटलं, बंद करतोय.

त्याने आवाज वाढवला.

"जो देवाची जमीन घेईल," सुलेखाताई म्हणाल्या, वर्गात शुद्धलेखन सांगावं तशा, एकेक शब्द सुटा करून, "त्याची आई."

म्हातारीने गाढवाकडे बघितलं, बाईकडे बघितलं. मग काठीवर जोर देऊन सरळ झाली आणि मागे वळून त्या निळ्या रांगेकडे या टोकापासून त्या टोकापर्यंत बघितलं.

"पत्रं कोनाचं रं?"

अण्णा तळ्याकडे बघायला लागले. फोटोग्राफरने कॅमेरा खाली घेतला. भास्करच्या आईने पणतीत तेल ओतलं आणि काडी ओढली.

अण्णांनी खिशातून फोन काढला, आमच्याकडे पाठ केली आणि हळू आवाजात म्हणाले, "अरे, ते पत्रे काढ... नाही, सोमवारी नाही. आत्ता."