पाडव्याला बदललेला कर्नेल

तासगावच्या वाटेवर माझ्या मामाचं कोल्ड स्टोरेज होतं. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस तिथलं तापमान सांभाळायला आम्ही लिनक्सवर चालणारा कॉम्प्युटर बसवला. कुणीही उघडून पाहावी, बदलावी अशी ती सिस्टिम. सांगलीत शिकताना मी तिच्या प्रेमातच पडले होते. मामाचा दंडक एकच, नवं काही करायचं ते पाडव्याला. म्हणून नवा कर्नेल, म्हणजे सिस्टिमचा गाभा, मी कॉलेजात तयार करून आणला आणि गुढी उभारल्यावर बसवला. ऐन हंगामात, खोली द्राक्षांनी भरलेली असताना! पण मुहूर्तापुढे शहाणपण चालत नाही.

मशीन पुन्हा सुरू झालं आणि कॉम्प्रेसरचा आवाज आलाच नाही.

कॉम्प्रेसर चालवायचं ते एक मॉड्यूल, चालत्या गाभ्याला मागाहून जोडायचा तुकडा. तो जुन्या कर्नेलसाठी बनवलेला, म्हणून नव्यानं त्याला घ्यायला साफ नकार दिला. साताऱ्याच्या ज्या इंजिनिअरनं तो बनवला, त्यानं मूळ कोड स्वतःपाशीच ठेवलेला. बाकी सगळं उघडं, तेवढंच झाकलेलं. फोन केला तर स्वारी सणाला मेढ्याकडे गावी, आणि तिथं फोन नाही. हातानं चालवायचा खटका तर माझ्याच सांगण्यावरून काढून टाकलेला.

आत वडिलांच्या बागेचा अख्खा माल होता. मॉड्यूल जबरदस्तीनं घुसवता आलं असतं, पण ते गाभ्यातच शिरतं. बिनसलं तर सगळं मशीनच अडकणार, आणि कॉम्प्रेसर चालूच राहिला तर द्राक्षांचा बर्फ. भीतीनं काही सुचेना. आत काय झालंय ते बघायला मी खोलीच्या दाराकडे धावले.

मामानं मनगट धरलं. "दार उघडू नगंस! हाय तेवढी थंडी आत ऱ्हाऊ दे." मग जरा हळू म्हणाला, "पोरी, कलम जगंपतोर जुनी येल तोडत न्हाई आमी. तू जुनं उपाटलंस का काय?"

तेच तर मला आठवेना! जुना कर्नेल डिस्कवर ठेवला होता की पुसला होता? मशीन बंद करून चालू केलं. सुरुवातीला ते क्षणभर थांबतं, कुठला कर्नेल हवा ते विचारतं. जुन्याचं नाव टाइप केलं आणि डोळे मिटून घेतले. एवढी मी पुढं बाळंतपणातही भ्याले नाही.

कॉम्प्रेसर खडखडला, मग नेहमीसारखा घुमायला लागला. मी खालीच बसले.

"फुडल्या पाडव्याला तुला साडी घेतो," मामा म्हणाला. "नवं म्हंजे तेवढंच."

संध्याकाळी त्यानं दार उघडलं. वडिलांच्या पेटीतला एक घड आणून माझ्या हातात ठेवला. घड गार होता. माझे हात त्याहून गार होते.