नातीच्या आयरिश नावाचा अर्थ

आम्ही दोघा नवरा-बायकोनं मिळून शेवटचं काम केलं ते मटार सोलायचं. माधव नगरच्या घरी, दुपारी, मध्ये परात ठेवून. ती सोलत होती. मी निम्मे खात होतो आणि मोबाईलला विचारत होतो, या आयरिश नावाचा अर्थ काय.

मुलगा आयर्लंडला असतो, सून तिथलीच. नात झाली होती. सुनेनं एक नाव निवडलं, पण म्हणाली, आई हो म्हणतील तरच ठेवायचं. आमच्या नात्यात सासूला एवढं कोण विचारतं? त्या पोरीचे उपकार आहेत माझ्यावर. नाव इथे लिहीत नाही, ते नातीचं आहे.

मी चौथी शिकलेला, मिलमध्ये फिटर होतो. टाइप करणं जमत नाही. मोबाईलला बोलून विचारतो, तो हिंदीत वाचून दाखवतो. आधी म्हणाला, अर्थ ‘औरत’. दुसऱ्या ठिकाणी ‘दुखी’. तिसऱ्या ठिकाणी ‘रोनेवाली’.

“अहो, यातलं सही काय?”

“मला काय पता? दोघं दुःखी-रडणारीच म्हणतायत, म्हणजे तेच असेल.”

“इलेक्शन आहे का? एकानं लिहिलं ते दुसऱ्यानं उचललं असेल. तुम्ही नाही का, शेजारच्यांनी घेतला म्हणून तो कडू दुधी घेऊन आलात!”

“मग विचारू कुणाला?”

“ज्यांच्या घरातलं नाव आहे त्यांना. उद्या फोन आला की विहीणबाईंना विचारा.”

“आणि खरंच रडणारी निघालं तर?”

“तर नाही म्हणेन. तोंडावर म्हणेन. पोरीला जन्मभर तशी हाक मारायची का?”

संध्याकाळी देवाजवळ दिवा लावायला बसली, ती उठलीच नाही. डॉक्टर म्हणाले, हार्ट.

सकाळी घर माणसांनी भरलं. मुलगा वेळेवर पोचू शकत नव्हता. मोबाईलवरच होता, आईचा चेहरा बघत. तिकडे अजून रात्रच होती. विहीणबाई लेकीजवळ येऊन बसल्या होत्या. त्या दिसल्या आणि मी मुलाला म्हटलं, “त्यांना विचार, नावाचा अर्थ काय.”

माझी वहिनी म्हणाली, “भाऊजी, ही काय वेळ आहे? लोक काय म्हणतील?”

“लोकांनी नाही विचारलं. हिनं विचारलंय.”

मुलगा रडत होता, तरी त्यानं विचारलं. विहीणबाई बराच वेळ बोलल्या. मग मुलगा म्हणाला, “बाबा, त्या म्हणतात, पक्का अर्थ कुणालाच माहीत नाही. त्यांच्याकडच्या जुन्या गोष्टीत त्या नावाची एक बाई होती, तिनं फार दुःख भोगलं. लोकांनी तिचं दुःख उचललं आणि नावाचा अर्थ म्हणून लिहून टाकलं. त्यांच्या आईचं हेच नाव होतं. ती सगळ्यांत जास्त हसायची.”

मला एकदम समजलं. वनवास भोगलेल्या राणीचं नाव आपणही घरोघर ठेवतोच की. तिच्या नावाचा अर्थ कुणी वनवास सांगत नाही. आणि विहीणबाई, एवढं सगळं मोबाईलमध्ये लिहिलेलं असताना, सरळ म्हणाल्या माहीत नाही. त्यांना मी हात जोडले. त्यांनीही तिकडून जोडले, जरा वेडेवाकडे.

सून नातीला मांडीवर घेऊन नुसती माझ्याकडे बघत होती. हो म्हणणारी तर माझ्या समोर जमिनीवर निजलेली. पण ही कशावर हो म्हणते आणि कशावर नाही, एवढं मला कळायचं. इतकी वर्षं तिनं तेच तर शिकवलं होतं.

मुलाला म्हटलं, “ठेवा. आई हो म्हणतेय.”

मग खाली वाकलो आणि बारशाला आत्या बाळाच्या कानात सांगते तसं ते नाव हिच्या कानात सांगितलं. जरा जोरातच, तिला कमी ऐकू यायचं. उठलो, बाहेर आलो आणि माणसांना म्हणालो, चला आता.