दोन्हीकडचा परवा

गेल्या थंडीत वडिलांनी काळ कसा संपणार याचा शोध लावला. ते मनमाडला रेल्वेच्या टाइम ऑफिसात होते. कोण कामगार किती वाजता आला, किती वाजता गेला, हे त्यांनी नोकरीभर लिहिलं. आई गेल्यापासून ते नाशिकला माझ्याकडे असतात. मी एका कॉलेजात परीक्षांची वेळापत्रकं लावते. म्हणजे आम्ही दोघंही घड्याळाची माणसं.

सिद्धांत असा. जगाला काळाचा ठरावीक साठा मिळालेला आहे. जे जे घडतं, ते त्यातला थोडा थोडा खातं. वापरलेला काळ मागे साचतो, पुढचा कमी होतो. पुढचा संपला की स्फोट नाही, अंधार नाही. फक्त ‘नंतर’ उरणार नाही. पुरावा म्हणजे ‘परवा’ हा शब्द.

“कालच्या आधीचा दिवस परवा, उद्याच्या पुढचाही परवा,” बाबा सांगायचे. “म्हणजे ज्यानं हा शब्द केला, त्याच्या वेळी दोन्ही बाजू सारख्या होत्या. आता मागचा परवा लांबत चाललाय आणि पुढचा आखूड.”

“पण तुम्ही मोजलं कशानं?”

“मोजायचं कशानं? फूटपट्टीच झिजतेय ना!”

माझ्या नवऱ्याला यात मजा वाटायची. “बाबा, बिनघोर राहा. हिच्या यादीतली कामं झाल्याशिवाय काळ संपतोय कशाला?”

मला हसू येत नव्हतं. कुणाला न दाखवता मी बाबांच्या विसरण्याची एक वेगळी यादी ठेवत होते. दूध दोनदा उतू गेलं. देवळ्याच्या आत्याला एकाच फोनवर तीनदा विचारलं, कांद्याची लागवड झाली का. चष्मा फ्रीजमध्ये सापडला. त्या यादीत हा सिद्धांत लिहायचा की नाही, ते काही ठरेना. पेन उघडायची, बंद करायची. हा विचार आहे की आजार?

शेवटी मेंदूच्या डॉक्टरांची वेळ घेतली. सोमवारी फ्रीजवर चिठ्ठी लावली: ‘परवा – डॉक्टर, सकाळी दहा. जुने रिपोर्ट.’ बुधवारी नऊ वाजता मी तयार, तर बाबा बनियनवर पेपर वाचत बसलेले.

“बाबा, उठा. उशीर होतोय.”

“कुठं?”

“डॉक्टरकडे.”

“परवाच जाऊन आलो ना! हे बघ, तुझंच अक्षर. परवा.”

मी चिठ्ठीकडे बघत राहिले. क्रियापद नाही, तारीख नाही. वेळापत्रकात असं कुणी लिहिलं असतं, तर मी त्याला फाडून खाल्लं असतं. चूक माझी होती, म्हणून क्षणभर बरंही वाटलं. मग मी विचारलं, “काय म्हणाले डॉक्टर?”

आणि बाबा सांगू लागले. काउंटरवरची बाई कशी खेकसली, पंखा कसा कुरकुरत होता, बीपी छान आहे म्हणाले. इतक्या ठामपणे, की मीच मोबाइल काढून तारीख पुन्हा तपासली.

डॉक्टरांनी तीन शब्द दिले: खुर्ची, पेरू, रस्ता. थोड्या वेळानं विचारतो म्हणाले. मधल्या वेळात शंभरातून सात-सात वजा करायला लावले. बाबांनी ते डॉक्टरांच्याही आधी करून टाकले. मग शब्दांची पाळी आली.

“पेरू,” बाबा म्हणाले. आणि खिडकीकडे बघत बसले.

उरलेले दोन माझ्या जिभेवर होते. डॉक्टरांनी हातानंच मला थांबवलं. नंतर बाबांना बाहेर बसवून त्यांनी मला नीट सांगितलं: सुरुवात आहे, गोळ्या देतो, सहा महिन्यांनी पुन्हा बघू.

मुंबई नाक्यावर रिक्षा अडकली. चारी बाजूंनी हॉर्न.

“नापास ना मी?”

“तीनपैकी एक.”

“सिद्धांताचं सांगितलंस त्याला?”

“नाही.”

“आजार वाटतो तुला तो.”

“कधी वाटतो, कधी नाही,” मी म्हटलं. खोटं बोलायला सुचलं नाही.

“माझंही तेच आहे,” बाबा म्हणाले. “पुढचं आखूड होतंय, हे मला आतून कळतं. ते जगाचं होतंय की एकट्या माझं, एवढंच ठरायचं राहिलंय. आणि ते ठरवायला डोकं लागतं, पोरी. म्हणून घाई.”

मी रिक्षा एका स्टेशनरीच्या दुकानापाशी थांबवली आणि दोन जाड वह्या घेतल्या.

“रोज एक तास. तुम्ही सांगा, मी लिहिते.”

“तुला पटलेलं नाहीये.”

“नाहीच पटलेलं.”

“मग चालेल. फक्त मुकाट्यानं लिहू नकोस, मध्ये मध्ये भांड. तू गप्प बसलीस, तर माझं काय सुटलं ते मला कळणार नाही.”

संध्याकाळी पाचला बसलो. बाबांनी घसा साफ केला. “जगाला काळाचा ठरावीक साठा मिळालेला आहे.”

“ठरावीक कशावरून?” मी विचारलं. “आणि दिला कुणी?”

“अगं, थांब की जरा!” बाबा उसळले. “दुसरं वाक्य तर येऊ दे!”