पोवळ्याची फरशी

आमच्या घरात मागाचा खड्डा हाये. सासऱ्याच्या काळात त्यात पाय सोडून लुगडे विनत. मंग धंदा बसला, मागाची लाकडं गेली, खड्डा तेवढा राहिला. मी म्हनली, बुजवून टाका बाप्पा, तिथं माहा फ्रिज ठेवीन. तर टीनाच्या बाबानं तो बुजवला, पन कायनं? दगडानं! एकेक तुकडा पुसून, तोंड वर करून ठेवला. फ्रिज अजून चुलीपाशीच हाये, धुरानं काळा पडला बिचारा.

टीना आमची पोट्टी, लग्न करून लाखांदूरले देल्ली. तिचे बाबा, म्हंजे माहे मालक कवडू, फरशीचं काम करतेत. फरशी कापनं, बसवनं, पालिश मारनं. पवनीपासून भंडाऱ्यापर्यंत किती तरी घरातले लोकं त्याइच्या हातच्या फरशीवर चालतेत. मानूस सोन्यासारखा, पन मधातच बयाड, डोस्कं फिरल्यावानी करतेत. हे मी त्याइच्या तोंडावर सांगतो, मांगून नाही.

हे बयाडपन लागलं लय वर्षाआधी, काम नवंनवं होतं तवा, भंडाऱ्यात, रिता मॅडमच्या घरी. मॅडम कॉलेजात भूगर्भ शिकवते. तिनं पायऱ्याइले राजस्थानातला पिवळा दगड मांगवला होता. हे कापाले बसले, बादली कलंडली, आन पानी फरशीवर पसरलं. पाहतेत तं काय, सुक्या दगडात काहीच नव्हतं, ओल्यात फुलंच फुलं! एकाले एक लागून, मधातून कडेपर्यंत बारीक बारीक रेघा. यानं मॅडमले हाक मारली. मॅडम तिथंच खाली बसली. म्हने, कवडूभाऊ, हे प्रवाळ हाये, पोवळं.

घरी येऊन मले सांगतलं, "ललिता, दगडात पोवळं निंगालं."

पोवळं! म्हंजे अंगठीतलं, मंगळाचं! मी कायले थांबतो? शेजारच्या आनंदाबाईले सांगतलं. दिवस बुडाच्या अंदर चार बाया दारात, आमच्या पोराले मंगळ हाये, एक खडा देजो वो बाई म्हनत. हे पोट धरून हासले. म्हने, "अवो, हे तसं पोवळं नोहे. याचा कवाचाच दगड झाला. याचे कोनी चहापुरतेही पैसे देनार नाही."

"मंग घरी कायले आनलं?"

"पाहाले."

घ्या. पाहाले आनलं म्हने!

मंग रात्री जेवता जेवता मले समजावून सांगत. समुद्रात बारके बारके जीव राहत. एकानं चुन्याचं घर बांधलं का दुसरा त्याच्याच भिंतीले लागून बांधे, मंग तिसरा, असे हजारो. मेले, घरं राहिले, त्याचा चुनखडीचा दगड झाला. "आपल्या कोष्टीपुऱ्यासारखं," म्हने. "इकडची भिंत तेच तिकडची." मी म्हनली, म्हंजे एकानं तिखट फोडनीत टाकलं का सगळेच शिंकत असतीन. म्हने, "हो, तसंच असन."

मॅडमनं त्याइले चांगलं शिकवलं, तिचे उपकार हायेत. दगड आडवा कापला का फूल दिसते, उभा कापला का नळ्या दिसतेत, पन चीज तेच. शिंपला येगळा, पोवळं येगळं. एक खेपी यानं झाडाचं चित्र असलेला तुकडा मोठ्या तोऱ्यात नेला. काळं झाड, फांद्या, सगळं. मॅडम म्हने, हे झाड नाही, मँगनीजचा डाग हाये, भेगेत पसरला. तुमसरकडच्या खानीतलं मँगनीज आमाले का माहीत नाही? तरी तोंड पाडून घरी आले. तुकडा मात्र फेकला नाही. आपल्या भंडाऱ्याच्या दगडात पोवळं सापडन का, हेही इचारलं. मॅडम म्हने, नाही, आपला दगड पोवळ्याच्याही आधीचा, तवा असे जीवच नव्हते. तर हे घरी येऊन असे सांगत, जसं काही आमच्याच खानदानाचं वय वाढलं.

पन खरा तमाशा पुढंच हाये. सुक्यात फूल दिसत नाही म्हनून हे सगळं काम पानी मारून कराले लागले. झाकनाले भोकं पाडलेली बाटली घ्याची, कोनाले तरी धराले लावाची, पात्यावर धार सोडत राहाची. बाकीचे सारे सुकंच कापत. सुकं भराभर होते. तोंडाले दुपट्टा बांधला का झालं, घर पांढरं होते ते होऊ द्या. यानं ग्रॅनाईटही ओलं, टाइलही ओली. मी म्हनली, अजी, त्यात कुठचं फूल आलं? म्हने, त्यात नसते, मॅडमनं सांगतलं, पन हाताले सवय पडली. ठेकेदार योगेंद्र वरून वरडे, "कवडूभाऊ, फरशी बसवून राहिले का धानाचा रोवना लावून राहिले?" खरंच तसंच दिसे, ढोपरापर्यंत चिखल. आन तो चिखल धुवे कोन? मी! सिमेंटसारखा बसे कपड्यावर. एक दिवस मी त्याइची पँट अंगनात उभी करून ठेवली, ते तशीच उभी राहिली.

आमच्याच गल्लीत मंगरू राहे. दोघं संगंच हे काम शिकले, संगंच एका सायकलवर जात. मंगरूचा हात लय चलाख. सुकं कापे आन याइच्या दुप्पट काम उरकवे. मंग त्याले दम लागाले लागला. डॉक्टर म्हने, दगडाची धूळ छातीत बसली, ते आता निंगत नाही. दोन वर्ष खाटेवर काढले त्यानं. आपल्याच दारापर्यंत येता येता बसे. मांगच्या पोळ्याले गेला. त्याची बायको कलाबाई, मी आन ती सख्ख्या बहिनीवानी.

आन दिवाळीच्या बाद टीनाच्या बाबाले खोकला लागला.

तेच काम, तेवढेच वर्ष, तीच धूळ. रात्री हे खोकलत आन मी भिंतीकडं तोंड करून पडून राहो. दवाखान्याचं नाव काढलं का म्हनत, हवा बदलली, होते. मी म्हनली, हवा गेली खड्ड्यात! चाला नाही तं मी टीनाले बोलावतो. टीनाले घाबरतेत ते. मंग झालो तयार, एसटीनं नागपूर.

मोठा दवाखाना. छातीचा फोटो काढला, मंग त्या गोल मशीनमधी घालून अजून एक काढला. मी बाहेर बाकड्यावर. देवाचं नाव घ्याले गेली तं देवाचं नावच सुचे नाही, सारखी मंगरूची खाट दिसे. बोलावलं तवा मी अंदर गेली.

डॉक्टरनं दोन्ही फोटो उजेडावर धरले. मंग टीनाच्या बाबाकडं पाहिलं, मंग परत फोटोकडं.

"श्वासनळीला सूज आहे. औषधानं जाईल," म्हने. "पण छातीत धूळ बसलेली दिसत नाही. इतकी वर्षं या कामात आहात ना? कापता कसे?"

"पानी मारून."

"कोणी सांगितलं होतं तसं करायला?"

"कोनी नाही साहेब. सुकं कापलं का फूल दिसत नाही."

"कसलं फूल?"

आता पाहा, हा मानूस नागपूरच्या दवाखान्यात खिशात दगड घेऊन आलेला! काढला, माह्या बाटलीतलं पानी टाकलं, आन डॉक्टरच्या टेबलावर ठेवला. डॉक्टरनं बोट फिरवून पाहिलं. म्हने, "पाण्यानं धूळ जागीच बसली, काका. म्हणून वाचलात. नशीबवान आहात."

मी तिथंच रडली, डॉक्टरच्या समोर, भोकाड पसरून. लाज कायची? त्या मॅडमचं भलं होवो, त्या कलंडलेल्या बादलीचं भलं होवो. आन ते समुद्रातले जीव, कोट्यानकोटी वर्षाआधी घरं बांधून मेले, त्याइले का माहीत का पवनीच्या एका बाईचं कुंकू त्याइच्या घरात ठेवलेलं हाये! मी हात जोडले त्याइले. अजूनही जोडतो.

दिवेलागनीले पवनीत उतरलो. घरी येतो तं कलाबाई आमच्या पायरीवर बसलेली. या बाईले खुशी सांगाची कशी? पन टीनाचे बाबा तिच्याजवळ बसले आन सगळं जसंच्या तसं सांगतलं.

कलाबाईनं सगळं ऐकून घेतलं. "चांगलं झालं," म्हने. मंग म्हने, "भाऊजी, माह्या मानसाले काहून नाही दाखवलं तुमी ते फूल?"

"दाखवलं वहिनी. पैले त्यालेच दाखवलं. हासला तो."

"हासला?"

"लय हासला. म्हने, कवड्या, दगडाले फुलं आले, आता तुह्या डोस्क्यात मोहफुलं येतीन."

कलाबाईनं पदर तोंडाले लावला. म्हने, "दोन वर्ष हासाले दम नव्हता वो त्याले. मी भुलली का तो कसा हासे. भाऊजी, हासून दाखवा ना."

टीनाच्या बाबानं माह्याकडं पाहिलं. मंग मान मांगं टाकली, छातीभर श्वास घेतला आन मंगरूसारखे हासले. मधात खोकला आला, थांबले, परत हासले. गल्लीतले लोकं दारात आले.

"हो," कलाबाई म्हने. "असाच हासे."