पनवतीची खुर्ची

बल्गेरियाला फुटबॉलमध्ये हरताना मी जितक्या वेळा पाहिलंय, तितक्या वेळा दुसऱ्या कुणा मराठी माणसाने पाहिलं नसेल. यात मिरवण्यासारखं काही नाही. मी दोहात सरावाच्या मैदानांचं पाणी सांभाळतो, आणि गवताचा प्रमुख, म्हणजे माझा साहेब, बल्गेरियन होता. साठीचा, एकटा, गुडघे कामातून गेलेला. त्याच्या देशाची मॅच असली की तो पंपरूममध्ये पाइपाला टेकवून फोन उभा करायचा आणि माझ्याकडे स्टूल सरकवायचा. साहेबाने स्टूल सरकवलं की बसावंच लागतं. पहिल्या वर्षी मी नाइलाजाने बसलो, नंतर सवय झाली.

जे दिसायचं ते बघूनच थकवा यायचा. रिकामं स्टेडियम, चुकलेले पास, शेवटी शेवटी खाल्लेला गोल. म्हातारा कधी आरडाओरडा करायचा नाही. शिट्टी वाजली की "खलास" म्हणायचा, टोपी घालायचा, आणि आम्ही पुन्हा उन्हात. "तीस वर्षं आम्ही एकाच उन्हाळ्यावर जगतोय," असं तो मोडक्या इंग्रजीत म्हणायचा. तो उन्हाळा मलाही ठाऊक होता. अमेरिकेतला वर्ल्ड कप, बल्गेरियाने जर्मनीला घरी पाठवून सेमीफायनल गाठली ते वर्ष.

मी कोल्हापूरचा. आमच्याकडे पेठेची इज्जत तालमीच्या फुटबॉल टीमवर असते, आणि आमच्या तालमीत मी पनवती म्हणून प्रसिद्ध होतो. मी मैदानात पाय ठेवला की आपण गोल खातो, असं कुणीतरी दोन-तीनदा ताडून पाहिलं आणि शिक्का बसला. फायनलच्या दिवशी मित्र दारात येऊन हात जोडायचे. "भावा, आज तेवढं येऊ नगंस." मी चिडायचो, पण जायचो नाही. टीम जिंकली की तेच गुलाल घेऊन यायचे आणि मला खांद्यावर घ्यायचे. न गेल्याबद्दल सत्कार झालेला सबंध गावात मी एकटाच असेन. हसण्यावारी नेलं तरी ते आत कुठेतरी बसलं ते बसलंच.

त्या वर्ल्ड कपात आमची गल्ली अर्जेंटिनाची. पोरांनी विनवण्या करूनही मी टीव्हीसमोरून हललो नाही, आणि बल्गेरियाने अर्जेंटिनाला दोन गोलांनी हरवलं. आठवडाभर माझ्याशी कुणी धड बोललं नाही. ही गोष्ट मी म्हाताऱ्याला सांगितली, पण अर्धीच. पनवती हा प्रकार साहेबाला समजावून सांगायची मला लाज वाटली. त्याने एवढंच ऐकलं की मी ती मॅच बघितली होती. उठून त्याने माझ्या दोन्ही गालांचे मुके घेतले. "म्हणजे तू आमच्यासाठी लकी!" दुसऱ्या दिवशी स्टूल गेलं आणि माझ्यासाठी पाठीची खुर्ची आली. त्या खुर्चीत मी बसत राहिलो, बल्गेरिया हरत राहिला, आणि तो दर वेळी म्हणायचा, "तू नसतास तर आणखी दोन खाल्ले असते."

त्याचा खरा जीव मात्र देशाच्या टीममध्ये नव्हता. डॅन्यूब नदीच्या काठी त्याचं छोटंसं शहर होतं. तिथल्या क्लबात तरुणपणी तो राखीव गोलकीपर होता. क्लब एकदा बुडून नव्या नावाने उभा राहिलेला, दुसऱ्या डिव्हिजनमध्ये कसाबसा तग धरून. इथलं काम संपलं की परत जायचं आणि त्याच मैदानाचं गवत बघायचं, एवढाच त्याचा म्हातारपणाचा बेत. दुसरं तिथे त्याचं कुणी उरलं नव्हतं.

गेल्या मे महिन्यात त्याचं कॉन्ट्रॅक्ट संपलं. रविवारी विमान, आणि आदल्या दिवशी क्लबची सीझनमधली शेवटची मॅच. जिंकले तर टिकले. नाहीतर खालची डिव्हिजन, आणि तसं झालं तर नगरपालिका मैदानाला कुलूप लावणार, हे तिथल्या महापौराने आधीच सांगून टाकलेलं.

"शनिवारी पाच वाजता माझ्या खोलीवर ये," म्हातारा म्हणाला. "तू बसलास की होईल, इन्शाल्ला. आणि शेपू आण." दह्यात काकडी, अक्रोड आणि शेपू घालून तो थंडगार सूप करायचा. आपली पातळ कोशिंबीरच ती.

चार दिवस मला अन्न गोड लागलं नाही. देशाची टीम हरली तर टोपी घालून कामाला लागता येतं, पण ही मॅच हरली तर त्याला परत जायला जागाच नव्हती. जात नाही म्हणून बायकोला सांगितलं, तर ती भडकली. "अहो, खुळ्यागत काय करताय? जावा की त्या माणसाकडं!"

गेलो. ओल्ड एअरपोर्ट भागातल्या माझ्या घरून त्याच्या मदिनत खलीफा वस्तीपर्यंत बरोबर वेळेत गेलो. त्याची खोली व्हिलाच्या वरच्या मजल्यावर होती. मी गाडी कंपाउंडच्या मागच्या भिंतीला लावली, एसी चालू ठेवला आणि फोन बंद केला. बघायचं नाही, ऐकायचंही नाही. आपल्याला एवढंच करता येतं, असं मला मनापासून वाटत होतं. दोन तास बसलो. शेजारच्या सीटवर शेपूची जुडी मान टाकून पडली होती. फोन चालू केला तेव्हा त्याचे चार मिस्ड कॉल होते आणि एक मेसेज. खलास.

मी वर गेलो नाही. तोंड दाखवायची हिंमत झाली नाही.

रविवारी त्याला विमानतळावर मीच सोडलं. वाटेत सगळं सांगून टाकलं. पनवती, तालीम, गुलाल, सगळं.

"तू खाली होतास?" त्याने शेवटी विचारलं.

"हो. मागच्या भिंतीला."

"मी पुढच्या दारात होतो." तो समोरच्या रस्त्याकडे बघत होता. "दोन गोल खाल्ले होते. वाटलं, तुला व्हिला सापडत नसेल. खाली आलो, गेटपर्यंत गेलो. परत वर आलो तर दोन-एक. आम्ही एक मारला होता. तिथे एकच कॅमेरा असतो, ते पुन्हा दाखवत नाहीत." मग म्हणाला, "क्लबचा शेवटचा गोल. कसा झाला ते मला माहीत नाही."

तो चिडला असता तर बरं झालं असतं. मी माफी मागितली, तर त्याने माझ्या खांद्यावर थोपटलं. "तू वर असतास तरी आम्ही हरलोच असतो. आम्ही हरतोच, तू बघितलंयस की." बॅगा उतरवताना मात्र त्याचे डोळे भरून आले. "पण मी एकटा हरलो," एवढं बोलून तो आत गेला.

मैदानाला खरंच कुलूप लागलं. गवत गुडघाभर वाढलंय, तो फोनवर सांगतो. देशाची मॅच असली की तो व्हिडिओ कॉल लावतो आणि फोन शेजारच्या रिकाम्या खुर्चीत ठेवतो, पडदा मलाही दिसेल असा. परवाही हरले. मी खुर्चीतून उठलो नाही.