अर्धा खर्रा

केशोरीकडच्या एका गावातलं ते प्रकरण अजून माझ्या मनातून जात नाही. सकाळी ठाण्यात पोलीस पाटलांचा फोन आला. गावच्या बोडीत, म्हणजे लहान तळ्यात, एक म्हातारी बुडून मेली होती. "साहेब, तिची सून हासून राहिली. लवकर या."

अकस्मात मृत्यूची नोंद करून आम्ही पोहोचलो. प्रेत काठावर काढलेलं होतं. दगडावर सुनेचं एक लुगडं धुऊन, पिळून ठेवलेलं. म्हातारीचे स्वतःचे धुवायचे कपडे बाजूला कोरडेच. त्या लुगड्याकडे बघून सून तोंडावर पदर दाबून हसत होती.

"इनंच मारली माह्या मायले!" नणंद ओरडली.

शेजारणींचे जबाबही तिच्याविरुद्धच गेले. म्हातारी रोज म्हणायची, "बोडीत जीव देतो मी!" आणि सून म्हणायची, "जाता जाता माहं लुगडं धुवा." त्या सकाळीही तेच झालं होतं. आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा गुन्हा दाखल करायची मी तयारी केली. सुनेचा नवरा आधीच वारलेला. तिला अटक झाली असती तर लहान मुलगी उघड्यावर पडली असती.

महिला शिपायासमोर मी हसण्याचं कारण विचारलं, "काऊन हासली?"

"दहा वर्षं सांगून राहिली, साहेब. आज पहिल्यांदा धुतलं बुढीनं."

मी ते लिहून घेतलं. मग तिनेच विचारलं, "तिचा खर्रा सापडला का? पुरा होता का अर्धा?"

मी पंचनामा उलटला. माझ्याच अक्षरात होतं: पन्नीत गुंडाळलेला सुपारी-तंबाखूचा खर्रा, अंदाजे अर्धा.

"अर्धा धुण्याआधी खाये, अर्धा मले आणून देये. शिव्या देत देये, पण देये. मराचं असतं तर माह्यासाठी ठेवला असता का? पुरा खाऊन मेली असती."

एवढं बोलून ती पहिल्यांदा रडली.

खर्रा हा काही पुरावा नव्हे. पण मी पुन्हा बोडीवर गेलो. पाण्याखालच्या पायरीवर शेवाळ खरवडल्याची लांब रेघ होती. शवविच्छेदनात डोक्याला मागून, दगडावर आपटल्याचा मार निघाला. पाय घसरून मृत्यू, असा अहवाल मी पाठवला.

तोवर प्रेताजवळ हसणाऱ्या माणसाला मी अर्धा गुन्हेगार समजत आलो होतो.

मागच्या वर्षी पत्नी गेली. "मी मेल्यावरच तुम्ही चहा करायला शिकाल," असं ती चिडून म्हणायची. तेरवी झाल्यावर पाहुण्यांसाठी मी चहा केला. चांगला झाला. पहिल्याच घोटाला मला हसू फुटलं, आवरेना. सगळे माझ्याकडे बघत राहिले. "काऊन हासले?" हे मात्र कोणी विचारलं नाही.