गार्गीने उचललेला माझा आवाज

गार्गी गेल्याचं मला इथल्या आमच्या मराठी मंडळाच्या ग्रुपवर कळलं. कुणीतरी सकाळी सातला फुलांचं चित्र टाकलं होतं आणि खाली लिहिलं होतं, 'आपल्या कुवेतची लेक, ऑस्ट्रेलियाची लाडकी अभिनेत्री'. आपली लेक! हीच माणसं मंडळाच्या नाटकात तिच्या मराठीला हसायची आणि दरवर्षी तिला झाड करून उभी करायची. आता सगळ्यांनी भराभर हात जोडले. मी जोडले नाहीत. माझं तिच्याशी सहा वर्षं बोलणं नव्हतं.

इथे कुवेतच्या अबू हलीफा भागात आमची दारं समोरासमोर. तिचे आई-वडील दोघंही नोकरीला, म्हणून ती शाळेतून थेट माझ्याकडे यायची. दप्तर टाकायच्या आधीच बडबड सुरू, तीही सगळी इंग्रजीत. माझं इंग्रजी नाशिकच्या मराठी शाळेतलं, तरी मी तिला त्यातच दटावायचे, "ईट फर्स्ट, ना, देन टॉक!" मग ती तूप-साखरेची पोळी घेऊन ओट्यावर चढून बसायची आणि भरल्या तोंडानेच पुढचं सांगायची.

मेलबर्नला शिकायला गेली आणि नटी झाली. कामं कसली, तर पोलिसांच्या मालिकेत प्रेत, दवाखान्याच्या मालिकेत एक शब्दही न बोलणारी नर्स. ऑडिशनला ती आपल्या साफ इंग्रजीत बोलली की तिला म्हणायचे, तू भारतीय वाटत नाहीस. शेवटी एका विनोदी मालिकेत किराणा दुकानवालीचं काम मिळालं आणि ती तिकडे घराघरांत पोचली. मंडळाच्या दिवाळीला मोठ्या पडद्यावर तिचा एक भाग लावला. मी नवी साडी नेसून पहिल्या रांगेत. पडद्यावर गार्गीने गिऱ्हाइकाच्या हातात सामोसा कोंबला, मान वेळावली आणि म्हणाली, "ईट फर्स्ट, ना, देन टॉक!" मालिकेतही हशा आणि आमच्या हॉलमध्येही... मान माझी, बोलणं माझं. पुढे राईच्या फर्निचर बाजारात सोफा बघायला गेले तरी कुणीतरी भेटायचंच, "काकू, ते एकदा म्हणून दाखवा ना!"

मी तिला फोन केला. म्हटलं, "माझीच टिंगल करून मोठी झालीस होय गं?"

ती म्हणाली, "काकू, दे वॉन्टेड ॲन ॲक्सेंट. मला एकच येतो. तुझा."

"मग दुसऱ्या कुणाचा तरी शिक," म्हणून मी फोन ठेवला.

गेल्या वर्षी तिचे तीन व्हॉइस मेसेज आले. मी न ऐकताच पुसून टाकले. एवढी मिजास होती मला माझ्या रागाची! आता तिची आई पुण्याहून सांगते, एका सिनेमात तिला पहिल्यांदाच स्वतःसारखं बोलायचं काम मिळालं होतं. आधी काकूला कळवते, म्हणाली होती. पण शूटिंगच्या आधीच आजार बळावला आणि तो रोल दुसरीला गेला.

मंडळाने शोकसभा ठेवली. सेक्रेटरी मला म्हणाले, "काकू, दोन मिनिटं बोला, आणि शेवटी ते वाक्य घ्या. लोकांना आवडेल." मी गेले नाही.

हल्ली दुपारी, तिची शाळा सुटायच्या वेळेला, मी ओट्याशी उभी राहून मोबाईलवर तिची मालिका लावते. तिचा आवाज ऐकावासा वाटतो म्हणून. शंभरावर भाग आहेत, आणि सगळ्यांत ती माझ्यासारखं बोलते. गार्गीसारखं ती बोलली असेल, ते त्या तीन मेसेजमध्ये...